तात्यांचा पूर्वपक्ष

रंगनाथतात्या वाद घालायला लागले की आधी जागेवरून उठायचे आणि विरुद्ध बाजूच्या माणसांत जाऊन बसायचे. धोतराचा सोगा सावरून, मांडी ठोकून, जणू त्यांचेच होऊन. मग आपल्याच माणसांकडे बोट करून म्हणायचे, "आता ह्या लोकांचं चुकतंय कुठं, ते ऐका." ज्याने त्यांना मोठ्या आशेने बोलावून आणलेले असायचे त्याचा चेहरा तेव्हा बघण्यासारखा व्हायचा.

तात्या माझ्या वडिलांचे धाकटे चुलतभाऊ. माळेगावच्या अलीकडे, कालव्याच्या काठाला आमची वाडी. घरटी वांगी, मिरची आणि थोडासा ऊस. वाडीत शिकलेले कुणी नव्हते, तात्याही नव्हते. पण ऐन विशीत, पाऊस नव्हता त्या सालात, ते वाईला गेले आणि एका पाठशाळेत पाणी भरायला राहिले. सकाळी शास्त्रीबुवा विद्यार्थ्यांना वाद शिकवायचे. त्यांची रीत अशी, की समोरच्याचे म्हणणे आधी आपण मांडायचे, तेही त्याच्यापेक्षा चांगले. त्याला म्हणायचे पूर्वपक्ष. मग त्याला आपले उत्तर द्यायचे, तो उत्तरपक्ष. तात्या विहिरीवरून रांजणापर्यंत खेपा घालत पूर्वपक्ष ऐकायचे. जेवणानंतर उत्तरपक्ष सुरू व्हायचा, पण तेव्हा तात्यांना बुवांची गुरे घेऊन डोंगराला जावे लागे. अशी चार वर्षे गेली. तात्या वाडीला परत आले ते अर्धे शास्त्री होऊन. हे त्यांनीच सगळ्यांना सांगितले होते. त्यात लपवण्यासारखे काही आहे असे त्यांना वाटत नसे. "अर्धी भाकरी म्हंजी उपास न्हवं," असे म्हणायचे.

त्यांची एक म्हण होती. म्हण म्हणजे त्यांनीच केलेली. "ज्याचं म्हणणं आपल्याला धड सांगता येत न्हाय, त्याला खोटं पाडायचा आपल्याला हक न्हाय." दुसरी अशी, "भांडणाला नरडं लागतं, वादाला कान लागतो." ऐकायला फार चांगले वाटायचे. अडचण वापरताना यायची.

एकदा कालव्याच्या पाण्याच्या पाळीवरून आमचे आणि शेजारच्या गुलाबआबांचे वाजले. मिरची सुकत होती आणि पाणी आधी कुणाला, हे पाटकऱ्याने ठरवायचे होते. वडिलांनी तात्यांना पुढे केले. तात्या उठले आणि गुलाबआबांच्या घोंगड्यावर जाऊन बसले. म्हणाले, "आबांचं रान उताराला हाय. वरनं पाणी झिरपतंय असं आपुन म्हणतो. पर झिरपलेलं पाणी पिकाला म्हंजी वासावर जेवण. त्यात आबांच्या मिरचीला फुल आलंय, आमची अजून हातभर बी न्हाय." पाटकरी मान हलवायला लागला. गुलाबआबा तर भारावून बघत राहिले. आपले म्हणणे इतके खरे आहे हे त्यांना तोवर माहीत नव्हते. तात्या म्हणाले, "आता ह्याला आमचं उत्तर," आणि डोळे मिटून बसले. बराच वेळ बसले. पाटकऱ्याला पुढच्या गावाला जायचे होते. त्याने पाणी गुलाबआबांना सोडले आणि सायकलवर बसून गेला.

वडील घरी येऊन म्हणाले, "सख्खा असता तर बोललो असतो. चुलत हाय म्हणून गप बसलो."

तेव्हापासून वाडीत रिवाजच पडला. कुठलेही भांडण निघाले की दोन्ही बाजू तात्यांना दुसरीकडे ढकलायच्या. "तुमचं जुनं नातं हाय, तात्यांना तुमीच घ्या." "छ्या, छ्या, आमी कुठं मागतोय, मान तुमचा हाय." तात्यांना वाटायचे आपल्यासाठी ओढाताण चालली आहे, आणि ते खूश व्हायचे. बारामतीच्या बाजारात काकू त्यांना पाटीजवळ बसू देत नसत, कारण गिऱ्हाईक वांग्याला हात लावायच्या आत तात्याच म्हणायचे, "देठ वाळलाय असं तुमाला वाटत असंल, आन् ते बरोबर हाय." काकू एकदा वैतागून म्हणाल्या, "तुमी कुठल्या बाजूचं हाय ते एकदा सांगा, म्हंजी त्या बाजूला ताट वाढते."

माझे लग्न ठरले तेव्हा मी सोळा वर्षांची होते. चौथी पास, आणि चारचौघांत तोंड उघडायचे म्हणजे अंगाला काटा. मुलाकडचे इंदापूरकडचे. वरमाईंनी मला बघितले, माझ्या हातची भाकरी खाल्ली, आणि मला पसंत केले. लग्न आमच्या दारात होते. वऱ्हाड अकरा गाड्यांतून आले. जानोसा शाळेच्या पडवीत दिला होता, आमच्या परसाच्या भिंतीला लागूनच. आईने आधीच बंदोबस्त केला होता. तात्यांना बुंदीच्या चुलवणावर बसवले आणि सांगितले, "भावजी, हा झारा तुमच्या हातातनं अक्षदा पडंपत्तर सुटता कामा न्हाय."

हळद लागली, मी न्हाणीत आंघोळ करून बसले, आणि भिंतीपलीकडे गलका झाला. नवऱ्या मुलाच्या मामाला आहेरात फेट्याऐवजी टोपी गेली होती. फेटा आणलेला होता, पण गडबडीत तो मुलाच्या आत्याच्या यजमानांना बांधला गेला. मामा म्हणाले, मी मांडवात पाऊल टाकत नाही. मामा नाही तर वऱ्हाड नाही. आमचे पाटील जाऊन आले, भटजी जाऊन आले. वडिलांनी स्वतःच्या डोक्याचा फेटा उतरवून पुढे धरला, तर मामा म्हणाले, "आमी काय उतरलेलं बांधतो व्हय?" मुहूर्त जवळ येत होता. आई न्हाणीच्या दाराशी येऊन उभी राहिली आणि माझ्याकडे न बघता पदराने तोंड पुसायला लागली. हळद लागलेल्या पोरीचे वऱ्हाड परत गेले तर पुढे काय होते, हे मला कुणी सांगायला नको होते. शेजारच्या वाडीतली अशी एक मुलगी अजून माहेरीच दळण दळत होती.

तेवढ्यात तात्यांचा आवाज आला, "मी जाऊन येतो."

आई वळून म्हणाली, "भावजी, देवाची शपथ हाय, तुमी बुंदी बघा."

"वयनी, पाटील बोलले, भटजी बोलले, पर त्यांच्या बाजूनं कुणी बोललंच न्हाय."

"नगंच बोलाय," आई म्हणाली. पण तात्या गेले होते.

मला भिंतीपलीकडचा शब्द न् शब्द ऐकू येत होता. आधी घोंगड्याची सळसळ झाली. मी समजले, तात्या वऱ्हाडात जाऊन बसले.

"मामांचं बरोबर हाय," ते म्हणाले. "मामा म्हंजी लग्नाचा खांब. त्याला टोपी. तीबी सैल, कानावर येतीया."

"बघा," मामा म्हणाले.

"आन् टोपीचं सोडा. तुमच्या बैलांपुढं कडबा टाकलाय वाळका. तीस मैल चालून आल्याली जनावरं. हिरवी वैरण आमच्या बांधाला हाय, पर कुणी कापली न्हाय."

वऱ्हाडातला कुणीतरी उठून बैलांकडे बघायला गेला. वाळका कडबा त्यांच्या ध्यानातच आला नव्हता.

"थोरल्या चुलत्यांचं पाय धुतलं ते गार पाण्यानं. खरं का न्हाय?"

"व्हय की," थोरले चुलते म्हणाले. त्यांनाही ते आत्ताच लागायला लागले.

आई खाली बसली. मला वाटले आता संपले. पण तात्यांचे पाणी अजून रांजणाच्या गळ्याशीही आले नव्हते.

"आता पोरीचंच घ्या. चुलता हाय म्हणून मी झाकणार न्हाय. पोरगी बोलत न्हाय. पाव्हण्याला पाणी द्यायला पाठवली तर तांब्या उंबऱ्यावर ठेवून पळती. उंची बेताची. भाकरी करती, पर एका अंगाला जाड, एका अंगाला पापड. आन् असली पोर तुमच्या गळ्यात घालून वर आमी टोपी देतो. माणसानं सोसायचं तरी किती?"

मामा म्हणाले, "जुंपा गाड्या."

बैलांच्या घुंगरांचा आवाज झाला. खोटे सांगत नाही, त्या क्षणी मला लग्न मोडल्यापेक्षा भाकरीचेच जास्त लागले होते.

मग एका बाईचा आवाज आला. जरबेचा, पण चढलेला नाही.

"थांबा. तुमी कोण म्हणायचं?"

"मी मुलीचा चुलता."

"पोरगी मी बघून केलीया. तिची भाकरी मी खाल्लीया. जाड हाय, ते माझ्या दातांना ठावं हाय. माझ्या सुनंला नावं ठेवायची तर मी ठेवीन. त्यो मान माझा हाय, तुमचा न्हाय."

"बरोबर. आता त्यावर माझं उत्तर असं, की…"

"उत्तर नगं. लई बोलला तुमी." मग त्या आपल्या भावाकडे, म्हणजे मामांकडे वळल्या असाव्यात. "दादा, टोपी सैल हाय तर आत कागूद घाल. वरमाई मांडवात निघाली. ज्याला बैलं हाकायची त्यानं हाकावी."

घुंगरांचा आवाज थांबला. वाजंत्री सुरू झाली. माझ्या आईने मला हाताला धरून उठवले.

अक्षता पडल्या, पंगती बसल्या, आणि नवीनच पेच निघाला. तात्या जेवायला येईनात. चुलवणाजवळ पाठ करून बसले. म्हणाले, "माझा अपमान झाला. मला उत्तरपक्ष करू दिला न्हाय. ह्या खेपेला मला उत्तर सुचलं हुतं." वडिलांना हसावे की झारा डोक्यात घालावा हे कळत नव्हते. शेवटी समजूत काढायला कोण गेले, तर मामा. कागद घातलेली टोपी घालून तात्यांपुढे उकिडवे बसले आणि म्हणाले, "तात्या, तुमच्याइतकं आमचं कुणी जाणलं न्हाय. तुमी जेवल्याबिगर मी घास घेत न्हाय." दोघे एका पंगतीला शेजारी शेजारी बसून जेवले. बुंदी करपली होती, पण त्या दिवशी कुणी नावे ठेवली नाहीत.

सासूबाईंनी आपला मान पुढे रोज वापरला. भाकरीला नाव, माझ्या गप्प बसण्याला नाव, तांब्या ठेवण्याला नाव. पण जावेने किंवा शेजारणीने एक शब्द काढला की त्या दिवशीच्याच आवाजात म्हणायच्या, "तुमी कोण?"

तात्या इंदापूरच्या बाजाराला आले की आमच्याकडे डोकावायचे. शेवटचे आले तेव्हा खूप वाळले होते. त्यांना एसटीच्या थांब्यावर सोडायला मी गेले. कुणाला प्रश्न विचारायची मला सवय नाही, पण त्या दिवशी विचारले, "तात्या, लग्नात तुमी मुद्दाम बोललात का?"

त्यांचे डोळे चमकले. ते माझ्या शेजारून उठले आणि समोरच्या दगडावर जाऊन बसले.

"मुद्दाम न्हवतं, असं म्हणणारा काय म्हणंल ते आधी ऐक. म्हणंल, ह्यो रंग्या अर्ध्या हळकुंडानं पिवळा. तोंड उघडलं की झाकायचं कळत न्हाय. आपल्याच पुतणीचा मांडव मोडाय निघाला हुता. ती वरमाई तालेवार, म्हणून वाचला." इतके पटेल असे ते बोलले की मला वाटले, खरेच असेच झाले असणार. मग ते म्हणाले, "आता ह्याचं उत्तर," आणि गाडी आली. कंडक्टर घाई करत होता. तात्या खिडकीतून म्हणाले, "फुडच्या बाजाराला सांगतो."

पुढच्या बाजाराला ते आले नाहीत, त्याच्या पुढच्यालाही नाहीत. दिवाळीच्या आधी तात्या गेल्याचा निरोप आला.

मी चुलीपुढे बसून होते. सासूबाई आल्या, माझ्याजवळ टेकल्या आणि म्हणाल्या, "तुझा तात्या त्या दिशी माझ्या भावाच्या शेजारी बसला हुता, पर तोंड माझ्याकडं हुतं. टोपी म्हणाला तवा बी, भाकरी म्हणाला तवा बी. दादाकडं त्यानं एकदा बी बघितलं न्हाय."

मी म्हणाले, "म्हंजी तुमाला कळलं हुतं?"

"तवाच कळलं," त्या म्हणाल्या. "कळून बी मला बोलावंच लागलं. असला बेरकी माणूस."

त्या दिवशी माझ्या भाकरीला त्या काही म्हणाल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी म्हणाल्या.