दोनशे फरश्यांचं घर

“हे झालं महिन्याचं. सगळं मिळून किती?”

चष्मा कपाळावर सरकवून ताई हा प्रश्न विचारायच्या आणि समोरचा माणूस बोटांवर मोजू लागायचा. महिन्याचा आकडा सगळ्यांना पाठ असतो, सगळं मिळून किती ते फारसं कुणी मोजलेलं नसतं. तुमच्याही ऑफिसात असं एखादं माणूस असेल. त्याच्यापुढे नवी वस्तू दाखवायची भीती वाटते, आणि दाखवल्याशिवाय चैनही पडत नाही.

साताऱ्यातल्या आमच्या शिक्षणसंस्थेच्या कचेरीत ताई भांडार सांभाळायच्या. खडूच्या पेट्या, उत्तरपत्रिका, झाडू, कुलपं, सगळं त्यांच्या ताब्यात. मी हिशेब विभागात, त्यांच्या समोरच्या टेबलावर. मी रोज वाईहून एसटीने यायचो, ताई शहराबाहेरच्या नव्या वसाहतीतून चालत यायच्या. माहेर वडूजकडचं, नवरा फौजेत हवालदार, आणि बोलणं ऑफिसात वीस वर्षं काढूनही गावाकडचंच.

आमचा शिपाई मेढ्याचा, पन्नाशीचा गृहस्थ. त्याने एकदा नवा मोबाईल आणला. एकवीस हजारांचा, पण त्याच्या मते स्वस्तच, कारण महिन्याला फक्त पंधराशे.

“हे झालं महिन्याचं. सगळं मिळून किती?”

“अठरा हप्तं हायती.”

“म्हंजे सत्तावीस हजार.”

“ताई, तुमी आनंद घिऊ देत न्हाई कुनाला.”

“घ्या की. सहा हजाराचा आनंद हाय, नीट घ्या. वाया घालवू नका.”

पण ताई काही जन्मतःच अशा नव्हत्या. त्यांना हे वळण लागलं ते घराच्या कर्जामुळे, आणि त्या दिवशी मी तिथे होतो. नुसता होतो असं नाही, चुकीत भागीदार होतो.

त्यांनी घर बांधायला बँकेकडून वीस लाख घेतले होते. नऊ टक्के ठरीव दर, वीस वर्षं, हप्ता सतरा हजार नऊशे पंच्याण्णव. वर्ष झाल्यावर आयकरासाठी बँकेचा दाखला आला. तो घेऊन ताई माझ्या टेबलाशी आल्या, तोंड लाल.

“भाऊ, हे बघा. बँकेनं आकडं उलटं घातल्यात.”

दाखल्यावर लिहिलं होतं : वर्षात भरलेली रक्कम दोन लाख सोळा हजार. त्यात व्याज एक लाख अठ्ठ्याहत्तर हजार, मुद्दल साडेसदतीस हजार. मीही पाहिलं आणि मलाही वाटलं, रकाने उलटे पडलेत. आमच्याकडे पतपेढीचं व्याज शेकड्यावर मोजायची सवय. शेकडा नऊ म्हणजे शंभराला नऊ, त्यामुळे हप्त्यातला व्याजाचा भाग लहानच असणार, असं दोघांच्याही डोक्यात पक्कं. मी हिशेब विभागातला माणूस, तरी बँकेला तक्रारीचं पत्र मीच लिहून दिलं. चांगलं कडक लिहिलं होतं.

ते घेऊन आम्ही दोघं बँकेत गेलो. तिथल्या माणसाने पत्र वाचलं, हसला नाही, हा त्याचा मोठेपणा. त्याने दाखवलं : वीस लाखांवर नऊ टक्क्यांनी महिन्याचं व्याज पंधरा हजार. हप्त्यातून आधी ते कापलं जातं. उरलेले तीन हजार मुद्दलात. मुद्दल कमी होईल तसं व्याज कमी होतं, पण सुरुवातीला मुंगीच्या पावलाने. हप्ते भरत राहिलं तर अर्धं मुद्दल फिटायला चौदा वर्षं लागतात, उरलेलं अर्धं सहा वर्षांत. आणि वीस वर्षांत भरायचे एकूण त्रेचाळीस लाख एकोणीस हजार.

परतताना ताई पोवई नाक्यावर थांबून एवढंच म्हणाल्या, “दोन घरं बांधतीय मी, भाऊ. एक माझं, एक बँकेचं. आनि बँकेचं जरा मोठंच हाय.”

त्यानंतर आठवड्याभराने त्यांनी मला आणि माझ्या बायकोला चहाला बोलावलं. घर साधं, नीटनेटकं. आत गेल्यावर ताईंनी आम्हाला सरळ स्वयंपाकघरात नेलं आणि ओट्याखाली बोट दाखवलं. तीन फरश्यांच्या कोपऱ्यात लाल नेलपॉलिशचा एकेक ठिपका होता.

घरात फरश्या दोनशे सहा होत्या. कापून बसवलेले सहा तुकडे ताईंनी सोडून दिले. राहिल्या दोनशे. वीस लाखांना दोनशे फरश्या, म्हणजे दहा हजारांची एक. जेवढं मुद्दल फिटेल तेवढ्या फरश्या आपल्या.

“वरसात तीन आनि पाऊन,” ताई म्हणाल्या. “चौथीला ठिपका न्हाई दिला. पुरी झाल्याबिगर द्यायचा न्हाई.”

मागे सासूबाई जात्याजवळ बसावं तशा मांडी घालून बसल्या होत्या. माझ्या बायकोला म्हणाल्या, “आमची सून फरशीला नट्टापट्टा करती. सोता कवा केला न्हाई.”

“आत्याबाई, तुमी कुटं बसलायसा ठावं हाय का? बँकेच्या फरशीवर.”

“मग चहा पन बँकंचाच दे,” सासूबाई म्हणाल्या.

हसण्यावारी गेलं. पण मी तेव्हापासून पाहत होतो. सासरच्या शेतातल्या उसाचं बिल दरवर्षी आलं, की त्यातले ऐंशी हजार ताई बँकेत भरून यायच्या. जादा भरलेलं सगळं थेट मुद्दलात जातं हे त्यांनी बँकेतल्या त्या माणसाकडून दोनदा वदवून घेतलं होतं. त्या दिवशी त्या टेबलावर बसता बसता हळूच सांगायच्या, “आज आठ.” बाकी कुणाला कळायचं नाही. मला कळायचं.

वास्तुशांत मात्र त्यांनी केलीच नव्हती. राहायला आल्या तेव्हा देवापुढे दिवा लावला आणि नारळ फोडला, एवढंच. भावकीने नावं ठेवली. ताईंचं म्हणणं, अर्धं घर माझं झालं की मग वास्तुशांत. दुसऱ्याच्या घराची शांत मी का करू?

मध्यंतरी मीही वाईत फ्लॅट घेतला. कर्ज वीस लाखच. तेव्हा दर फार खाली आले होते, मला सात टक्क्यांनी मिळालं. हप्ता पंधरा हजार पाचशे सहा. मी आता जाणकार झालो होतो. सगळं मिळून किती ते सही करण्याआधीच काढलं : दोनशे चाळीस हप्ते, सदतीस लाख एकवीस हजार. तो कागद कपाटाच्या दाराला आतून चिकटवला. कर्ज घेतलं तेव्हा अडतीस वर्षांचा होतो, अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त होणार, त्याच महिन्यात शेवटचा हप्ता. माझ्या नोकरीला पेन्शन नाही, म्हणून हे गणित मला फार आवडायचं. वर मी ताईंना चिडवायचो, “काय ताई, अजून नऊच टक्के?”

“ठरीव हाय माझं. हाय ते हाय,” त्या म्हणायच्या.

सातव्या वर्षाच्या अखेरीला ताईंच्या शंभर फरश्या पूर्ण होऊन एकशे एकावी लागली. हिशेबाने अर्धं व्हायला चौदा वर्षं लागणार होती, ती त्यांनी सातवर आणली. वास्तुशांत ठरली. गुरुजी मीच वाईहून पाठवले. त्यांनी संकल्पाआधी विचारलं, “गृहप्रवेश कधी झाला?” ताई म्हणाल्या, “सात वरसं झाली. पन मालकीन आज झाले.” गुरुजी थोडे घोटाळले, मग म्हणाले, “हरकत नाही.”

जेवणाची पंगत बसली. ताई स्वतः कटाची आमटी वाढत होत्या. मी खुशीत होतो. पानावरूनच त्यांना सांगितलं, “ताई, माझीही बँक चांगली निघाली. दर सातचा नऊ झाला, तीन-चार वेळा मेसेज आले. पण हप्ता एका रुपयानं वाढवला नाही.”

ताईंचा पळीचा हात तसाच राहिला.

“दर वाढला आनि हप्ता त्योच?”

“तोच.”

“मग उरल्यालं हप्तं किती?”

“दोनशे सोळा. चोवीस भरले.”

“त्ये तुमच्या कपाटावर. बँकेच्या कागदावर किती?”

पुढची पोळी मी कशी खाल्ली ते आठवत नाही. चांगली होती असं बायको सांगते.

सोमवारी अर्ध्या दिवसाची रजा टाकून आम्ही दोघं वाईला माझ्या बँकेत गेलो. तिथल्या अधिकारी बाईंनी माझं खातं उघडलं आणि पडदा माझ्याकडे वळवला. मुद्दल बाकी एकोणीस लाख एक हजार. महिन्याचं व्याज चौदा हजार दोनशे साठ. माझ्या हप्त्यातून मुद्दलात जाणार बाराशे सेहेचाळीस. उरलेले हप्ते तीनशे सदतीस.

“चुकलंय,” मी म्हणालो. “दोनशे सोळा हवेत.”

ताईंनी माझ्याकडे पाहिलं. सहा वर्षांपूर्वी दाखला हातात घेऊन त्या जशा उभ्या होत्या, तसाच मी उभा होतो. त्यांनी टोमणा मारला नाही. टेबलाखाली बोटांवर काहीतरी मोजलं आणि म्हणाल्या, “भाऊ, तुमी अडुसष्ट वरसाचं व्हाल.”

अडुसष्ट. त्यातली शेवटची दहा वर्षं पगाराशिवाय, पेन्शनशिवाय, दर महिन्याला साडेपंधरा हजार. मी खुर्चीवर बसलो. गणितात माझी चूक एकच होती. दर बदलता आहे हे कर्जाच्या कागदावर लिहिलेलं होतं, त्याखाली माझी सही होती. बदलला तर काय बदलेल, हे मी विचारलं नव्हतं.

“हप्ता वाढवला न्हाई म्हंजे उपकार केलं व्हय?” ताई अधिकारी बाईंना म्हणाल्या.

“मॅडम, बहुतेक लोकांना हप्ता वाढलेला आवडत नाही. म्हणून मुदत वाढते. मेसेजमध्ये खाली लिहिलेलं असतं.”

“खाली कोन वाचतंय, बाई? बरं, ह्येंचं अठ्ठावन्नालाच फिटायचं असलं तर हप्ता किती पडंल?”

बाईंनी आकडे घातले. “सतरा हजार आठशे सहा.”

म्हणजे तेवीसशे रुपये जास्त. आणि सगळं मिळून? ते मीच काढलं, तिथल्याच एका स्लिपच्या मागे. जुन्या हप्त्याने सव्वाबावन्न लाख. नव्या हप्त्याने साडेअडतीस. महिन्याला तेवीसशे दिले, तर दहा वर्षं आणि पावणेचौदा लाख वाचत होते. मी ती वजाबाकी तीनदा केली.

“अर्ज लिव्हा,” ताई म्हणाल्या. “तक्रारीचं पत्र तर तुमी लय झकास लिव्हता.”

अधिकारी बाईंना काही कळलं नाही. मला मात्र इतक्या काळजीतही हसू फुटलं.

संध्याकाळी बायकोला सगळं सांगितलं. तेवीसशे कुठून काढायचे हा प्रश्न होता. एसटीची दगदग नको म्हणून मी मोटरसायकल घेणार होतो, तीही हप्त्यावरच. बायको म्हणाली, “एसटीनं तुम्हाला काही होत नाही. उलट गाडीत झोप तरी मिळते.” असा निकाल लागला. मी अजून एसटीनेच जातो, आणि झोप खरंच मिळते.

पुढच्याच वर्षी ताई गेल्या. म्हणजे सांगलीला गेल्या. मिस्टर फौजेतून निवृत्त होऊन तिकडे एका कारखान्यात सुरक्षा अधिकारी म्हणून लागले होते, मुलगीही तिथेच दिलेली, तिला बाळ झालं होतं. निवृत्तीला दहा-बारा वर्षं असताना त्यांनी नोकरी सोडली. साताऱ्याचं घर एका शिक्षिकेला भाड्याने दिलं. भाडं थेट कर्जखात्यात.

निरोपसमारंभात बोलायला सांगितलं तर त्यांनी भांडाराची यादी वाचून दाखवली. “पंचिंग मशीन चौदा, पैकी दोन बिघडल्याली. ह्या दोनाचं माझ्यावर घालू नका.” एवढं बोलून खाली बसल्या. साहेब भाषण करत होते तेव्हा डोळे पुसत होत्या, असं शिपाई म्हणतो. तो पुढे बसला होता. मी मागे होतो, आणि मलाही नीट दिसत नव्हतं.

आता त्यांच्या टेबलावर दुसरे गृहस्थ आहेत. सज्जन आहेत. काही मागितलं की लगेच देतात, मोजत नाहीत.

हप्ता वाढवल्याला वर्ष झालं, तेव्हा दिवाळीचा बोनस आणि मुदत संपलेली एक लहान ठेव मिळून चाळीस हजार मी कर्जात भरले. बँकेने नवं वेळापत्रक दिलं. त्यावर शेवटचा हप्ता दहा महिने अलीकडे आला होता. चाळीस हजारांत दहा हप्ते. आकडा बघून माझा विश्वास बसेना, म्हणून घरी कागदावर पुन्हा ओळीने मांडून पाहिलं. बरोबर होतं. निवृत्तीच्या महिन्यात नव्हे, त्याच्या दहा महिने आधी मी मोकळा. ते दहा महिने पूर्ण पगार घरात येणार.

बायकोला सांगितलं, ती खूश झाली. ऑफिसात सांगावं असं कुणी नव्हतं. जेवणाच्या सुट्टीत बाहेर जिन्यात गेलो आणि सांगलीला फोन लावला. पलीकडे मिक्सर चालू होता, बाळ रडत होतं. ताई मोठ्याने म्हणाल्या, “कोन? भाऊ व्हय? बोला की!”

“ताई, चाळीस हजार भरले. दहा महिने कमी झाले.”

मिक्सर बंद झाला. बाळाला कुणीतरी उचलून नेलं असावं.

“थांबा,” ताई म्हणाल्या, “पेन घेते. हं, आता सावकाश सांगा. पयल्यापासनं.”