आईची गाणी आणि गेमिंग मोड

तापलेल्या कॉम्प्युटरच्या धुळीचा वास आला की मला राजारामपुरीतल्या आमच्या फ्लॅटमधली ती दुपार आठवते. आई जाऊन वर्षही झालं नव्हतं. आजारपणात तिनं गुणगुणलेली गाणी मी रेकॉर्ड केली होती आणि फोन बिघडला तेव्हा ती फक्त कॉम्प्युटरवरच उरली होती. धाकट्या भावाला खेळताना अँटिव्हायरसच्या सूचना मध्ये आलेल्या खपत नसत, म्हणून त्यानं गेमिंग मोड कायमचाच चालू ठेवला होता. त्यात सूचना गप्प बसत आणि अपडेटही लांबत. त्या दुपारी मित्राच्या पेनड्राइव्हवरून आणलेल्या गेमबरोबर व्हायरस शिरला आणि सगळ्या फाइल्सना कुलूप लागलं. आईचं एकही गाणं उघडेना, तशी मी रडायलाच लागले. हेडफोन न काढता भाऊ म्हणाला, "आवाजच हुता की, आई न्हवं. रडतीस कशाला?" वडील दारात आले. मला वाटलं, ते त्याला रागावतील. ते म्हणाले, "ऱ्हाऊ दे आता. पोरगं सकाळपास्नं उपाशी हाय, त्याला वाढ आधी." मी डोळे पुसून ताट वाढलं. पहिला घास घेऊन तो म्हणाला, "मीठ कमी हाय." परवा त्याची लेक मला विचारत होती, "आत्या, आजीचा आवाज कसा होता गं?" मी म्हटलं, "तुझ्या पप्पाला विचार."