बाभळीच्या चौकटीची वाळवी

माझ्या दाराच्या चौकटीला वाळवी लागली, हे मला कुणी सांगावं? सुनेनं! जन्मभर मी सुतारकी केली. मोहोळच्या आसपास किती घरांना चौकटी उभ्या केल्या त्याची मोजदाद नाही. आणि ही कालची पोर सकाळी झाडू हातात घेऊन म्हणते, "मामा, जरा हितं या. चौकटीच्या पायाला मातीची रेघ चढलीया."

"कुंभारमाशीचं घर असंल," मी म्हणालो. जागचा उठलोसुद्धा नाही.

ती चौकट साधी नव्हती. बांधावरची जुनी बाभळ मी स्वतः पाडली, ओंडके पावसाळाभर विहिरीत बुडवून ठेवले, मग सावलीत वाळवले. पाय डांबरात बुडवून रोवले. हीच सून पुढं त्याच उंबऱ्यावरचं माप लवंडून घरात आली. आता ती म्हणत होती, ही काढू आणि ग्रॅनाइटची बसवू. मुलगा पुण्याहून फोनवर तिचीच री ओढत होता. दगडाची चौकट, आणि तीही सुताराच्या घराला! त्यापेक्षा माझ्या छातीवर दगड ठेवा की.

चार दिवसांनी कुणी बघत नाही असं बघून मी पटाशीनं ती रेघ खरवडली. आत ओल्या मातीचा पोकळ बोगदा, आणि त्यात पांढऱ्या, मऊ, भाताच्या शितासारख्या किडी. त्यांच्यावर जळकं ऑइल ओतलं. तिसऱ्या दिवशी शेजारून नवी रेघ. ती मोडली, तर आणखी एक. एवढीशी जात, आणि मला चिडवते!

सून म्हणाली, "मामा, त्यांना उजेड आन् वारा सोसत न्हाय, म्हणून मातीची वाट करून चढत्यात. तुमी वाट मोडताय. घर कुटं मोडताय?"

"मग घर कुटं हाय?"

"जमिनीत. तितं राणी नुसती अंडी घालती. कामकरी लाकूड खाऊन तिला भरवत्यात, पिलांना भरवत्यात. लाल डोक्याचे शिपाई असत्यात, त्यांनापण तोंडातनं भरवावं लागतंय."

म्हणजे माझी बाभळ खाऊन शिपाई पोसायचे! डोकं भणभणलं.

घर म्हटल्यावर मला शेजाऱ्याच्या परसातलं वारूळ दिसलं. कमरेएवढं, आमच्या भिंतीपासून वीस पावलांवर. शेजारी माझ्याच वयाचा, जन्म ट्रकवर गेलेला. मी पहार घेऊन त्याच्याकडं गेलो.

"ड्रायव्हर, हे वारूळ पाडायचं."

"आन् पंचमीला आमच्या बायका दूध-लाह्या कुटं वाहणार? तुझ्या डोस्क्यावर?"

"त्यातली वाळवी माझी चौकट खातीया!"

"वारूळ माझ्या आज्याच्या टायमाचं हाय. इतकी वर्सं तिला तुझी बाभळ ग्वाड लागली न्हाय व्हय?"

मी पहार खांद्यावर टाकून तरातरा घरी आलो. दुसऱ्या दिवशी तो बाजाराला गेलेला बघून मी वारुळाला पहार घातली. त्याची बायको घरातून ओरडत बाहेर आली. मी ऐकलं नाही. दोन हात खाली भुसभुशीत राखाडी पोळी लागली, तिच्यावर पांढऱ्या बुरशीचे ठिपके. त्याच्याही खाली मातीच्या चपट्या खोलीत राणी. बोटाएवढी, फुगलेली, जागची न हलणारी. मी ती चिमट्यात धरून घरी आणली, वाघ मारून आणल्यासारखी.

"ही घे तुझी राणी!"

सुनेनं वाकून बघितलं. "हीच आपली कशावरनं, मामा?"

माझी बायको चुलीपुढून उठली. "नागोबाचं घर मोडून आलाय, आन् वर छाती काढून दावताय!"

संध्याकाळी शेजारी दाराबाहेर उभा राहिला. उंबऱ्याला पाय लावला नाही. "आजपासनं तुझा माझा बोलण्याचा संबंध न्हाय," एवढंच म्हणाला आणि गेला. मी म्हणालो, नको तर नको.

पंधरा दिवसांत रेघ पुन्हा चढली. या वेळी मी चौकटीवर अंगठा दाबला, तर वरचं लाकूड पापडासारखं आत गेलं.

सुनेनं मला न विचारता वाळवीचं औषध मारणारा बोलावला. त्यानं उंबऱ्याजवळच्या फरशीवर हातोडी ठोकली. आवाज पोकळ आला. फरशी उचलली.

खाली भरावाच्या मातीत लाकडं होती. ढलप्या, फळ्यांचे तुकडे, आंब्याच्या लाकडाचे उरलेले ठोकळे. निम्म्याची माती झालेली, बाकीच्यात वाळवी खदखदत होती. एका तुकड्यावर माझ्या पेन्सिलीची खूण शाबूत होती. घर बांधताना भरावाला मुरूम कमी पडला, तेव्हा मीच पाट्या भरभरून ती लाकडं आत ढकलली होती. गवंडी म्हणाला होता, "मिस्त्री, जोत्यात लाकूड पुरू नगा." मी म्हणालो होतो, "तू थापी धर. लाकडातलं मला शिकवू नगंस."

सुनेनं तो तुकडा उचलला, खूण बघितली, माझ्याकडं बघितलं आणि तुकडा पाटीत टाकला.  

एकूण एक ढलपी मी स्वतः उकरून काढली आणि जाळली. औषधवाल्यानं भिंतीच्या कडेनं भोकं पाडून जमिनीत औषध ओतलं. वाळवी एकमेकींना भरवते, तसं ते औषधही भरवते आणि सगळी मरते, असं तो म्हणाला. मग मी चौकट उपसली. पाय गेले होते, वरचा पांढरा भाग गेला होता, पण गाभा काळाकुट्ट, असा टणक की करवत किंचाळली. वीतभर पाय कापले, खाली घडीव दगड बसवले आणि चौकट पुन्हा उभी केली.

"शेवटी दगड बसवलाच की, मामा!"

"पायाला. चौकट बाभळीचीच हाय."

"ऱ्हाऊ दे मग. पण दर रविवारी मी ब्याटरी लावून बघणार."

"बघ की! मी का नगं म्हणतोय?" हेही ओरडूनच म्हणालो.

नागपंचमीला शेजाऱ्याची बायको नवं लुगडं नेसून, ताट घेऊन माझ्या दारात आली. मला वाटलं, बोलायला आली. तिनं चौकटीच्या पायाशी हळद-कुंकू वाहिलं, लाह्या टाकल्या आणि वाटीभर दूध ओतलं.

"आमचं वारूळ तुमी मोडलंत," गल्लीला ऐकू जाईल असं ती म्हणाली. "खरं तर हितंच हुतं म्हणं."

तिचा नवरा त्याच्या ओट्यावर बसून बघत होता. माझी बायको पदर तोंडाला लावून हसत होती. शिवी माझ्या ओठापर्यंत आली. पण दूध दगडावरून लाकडाकडं निघालं होतं, आणि लाकडाला ओल चालत नाही. मी खांद्यावरचं उपरणं काढलं, त्या बाईच्या पायापुढं उकिडवा बसलो आणि चौकटीचा पाय पुसून कोरडा केला. लाह्यांना हात लावला नाही.