कोराला सापडलेलं खापर

कोरा लिंडक्विस्ट आमच्या गावात आली त्याला अकरा वर्षं झाली, आणि तेव्हापासून मी तिच्यावर जळतेय. उगाच साळसूदपणाचा आव कशाला आणू?

ॲरिझोनाच्या या वाळवंटात तीस वर्षं मडकी घडवतेय मी. ही बाई आली ती जुन्या वस्त्या शोधायला. उन्हं चढायच्या आत टोपी घालून रानात जायची, दुपारी सापडलेल्या खापरांची जलरंगात चित्रं काढायची, आणि संध्याकाळी अंगणात बसून, चाकाला हात न लावता, मातीच्या वळ्या रचून जुन्या धाटणीची मडकी करायची. झालं. ऑक्टोबरच्या प्रदर्शनात लोक माझं टेबल ओलांडून तिच्यापुढे रांग लावायला लागले. त्या रांगेत माझा नवरा हार्लनही.

"तिच्या मडक्यांत जीव आहे गं," तो म्हणाला.

"मग आज जेवायलाही तिच्याकडेच जा," मी म्हटलं.

प्रत्येक मडक्याच्या बुडाला ती स्वतःचं नाव आणि साल कोरायची. पुढेमागे कुणी खणलं तर नवं मडकं जुनं समजून फसायला नको, म्हणून. गावाला त्याचंही कोण कौतुक!

शेवटी मीही गॅरेजचं दार लावून तसली मडकी करायला लागले. हिला जमतं ते मला जमणार नाही होय? पण नाव कोरलं नाही. नेल्डा कोराची नक्कल करते हे कळलं असतं तर गावात तोंड दाखवायला जागा उरली नसती. बिघडलेली मडकी फोडून मागच्या कोरड्या ओढ्यात टाकून द्यायचे. गेल्या ऑगस्टात ओढ्याला लोंढा आला आणि ती खापरं वाहत गेली.

महिन्याभराने वाचनालयाच्या दारावर कोराच्या व्याख्यानाची जाहिरात लागली. त्या जाहिरातीवर कोराने काढलेलं एका खापराचं चित्र होतं. लाल रेघेचं ते खापर माझं होतं. त्या मडक्याचं बूड अजून गॅरेजात पडलं होतं, ते मी पर्समध्ये घालून व्याख्यानाला गेले.

"हे किमान आठशे वर्षांपूर्वीचं असावं," कोरा खापर हातात धरून सांगत होती. "घडवणारीचं नाव आपल्याला कधीच कळणार नाही. पण या खोऱ्यात इतका चांगला हात मी पाहिलेला नाही. तिच्यापुढे मी शिकाऊ आहे."

तीस वर्षांत माझ्याबद्दल असं कुणी बोललं नव्हतं, आणि आता बोललं तेही मला कुठलीतरी मेलेली बाई समजून. मी उभी राहिले.

"ती बाई मी आहे. ते माझं मडकं आहे."

लोक हसले. हार्लनने माझी बाही ओढली. "खाली बस, नेल्डा. किती जळशील?"

मी सरळ पुढे गेले आणि बूड टेबलावर ठेवलं. कोराने खापर त्याला लावून पाहिलं. लाल रेघ एका तुकड्यावरून दुसऱ्यावर बेमालूम गेली. तिचा चेहरा पांढराफटक पडला. अकरा वर्षं मी याच क्षणाची वाट पाहत होते, खोटं कशाला बोलू.

कोरा लोकांकडे वळली. "माझी चूक झाली. हे नेल्डाने केलंय. आत्ता मी त्या हाताबद्दल जे बोलले, ते सगळं नेल्डाबद्दल आहे."

कुणीतरी टाळी वाजवली आणि बघता बघता सगळं सभागृह उभं राहिलं. मीही जरा ताठ झाले. पण लोक माझ्या शेजारून पुढे सरकले आणि कोराचा हात हातात घेऊन म्हणायला लागले, "चारचौघांत चूक कबूल करायला छाती लागते." "मन बघा केवढं मोठं."

मी दोन्ही तुकडे हातात घेऊन तिथेच उभी होते. हार्लन डोळे पुसत माझ्याजवळ आला.

"बघ," तो म्हणाला, "शिक काहीतरी तिच्याकडून."