पलंगावरची खोकी

तीस वर्षं एसटीत कंडक्टरकी केलेल्या दिनकररावांना शांततेची सवयच नव्हती. रोज शेकडो माणसं अंगावर रेलायची. निवृत्त होऊन सोनपेठच्या घरात बसले आणि वर्षाच्या आत बायको गेली. मुलगा आदिनाथ पुण्याला. दिवसकार्य उरकून जाताना त्यानं मोबाइलवरून वस्तू मागवायला शिकवलं.

पहिल्यांदा त्यांनी टॉर्च मागवली. ती घेऊन बन्सीधर नावाचा पन्नाशीचा माणूस आला. ओसरीवर टेकला, पाणी प्याला, गुडघेदुखीचं गाऱ्हाणं सांगत बसला. दहा मिनिटं घरात दुसऱ्या माणसाचा आवाज होता. तो गेला आणि दिनकररावांनी पुन्हा मोबाइल उघडला.

मग भाजी चिरायचं यंत्र आलं, पाण्याच्या सहा बाटल्या आल्या, भिंतीवरची दोन घड्याळं आली. आज काहीतरी येणार, एवढ्या आशेवर सकाळ ढकलली जायची. खोकं फोडलं की मात्र जीव खट्टू व्हायचा, कारण वाट बघणंच संपायचं. म्हणून त्यांनी फोडणं सोडलं. बायकोच्या पलंगावर खोकी रचत गेले.

एक दिवस बन्सीधर आलाच नाही. फोन केला तर म्हणाला, "काका, मी काम सोडलं. गुडघे चालंनात. आता पार्सल स्टँडजवळच्या दुकानातून तुमालाच आणावं लागंल."

दुकानदारानं मान वर न करता खोकं पुढं सरकवलं. ते घरी आणलं, पण आपण काय मागवलं होतं हेच दिनकररावांना आठवेना. त्यांना स्वतःचीच शरम वाटली.

दुसऱ्या दिवशी काही खोकी फोडून, त्यातल्या वस्तूंनी दोन पिशव्या भरून ते गावाबाहेर गेले. कापणी झालेल्या एका शेतात उमाजी आणि बानूबाई या धनगर नवराबायकोनं मेंढरं बसवली होती.

"घ्या, सगळं नवं हाय."

बानूबाईनं एकेक वस्तू हातात घेतली, निरखली, परत ठेवली. "लय झ्याक हाय, दादा. पर आमचं बिऱ्हाड घोडीच्या पाठीवर. कुठं ठिवावं?"

"फुकट देतोय की मी."

"फुकटचं असलं तरी वझं ते वझंच," उमाजी म्हणाला.

कोकरांवर पांघरायला तिनं तेवढी एक चादर ठेवून घेतली. मग विचारलं, "एवढं कशापायी घेतलं? घरात माणसं किती हायेत?"

"मी एकलाच."

बानूबाईनं तीन दगडांवर चहा ठेवला. तो पिता पिता दिनकरराव बायकोबद्दल बोलायला लागले, ते दिवस कलेपर्यंत.

दोन दिवसांनी पावशेर चहापत्ती घेऊन ते पुन्हा गेले. शेत रिकामं होतं. लेंड्या पडल्या होत्या, चुलीचे दगड गार झाले होते. ते बराच वेळ बांधावर बसून राहिले.

घरी येऊन त्यांनी आदिनाथला फोन लावला. "दोन दिवस येतूस का?"

"सुट्टी नाही बाबा. काही पाठवू का?"

"नको."

त्यानंतर त्यांनी काही मागवलं नाही. खोकी शेजारपाजारी वाटली. पलंग मोकळा झाला, तसा तो आणखीच मोठा दिसायला लागला. एखाद्या दुपारी ते मोबाइल उघडतात, चित्रं बघतात आणि बंद करून स्टँडवर जाऊन बसतात. तिथं कुणी ओळखीचं भेटतंच असं नाही.