लायब्ररीतलं उभं पीक

लायब्ररी हा शब्द कुणी उगाच वापरला की माझ्या नाकाला मिरच्या झोंबतात. मी हिंगणघाटच्या एका सार्वजनिक वाचनालयात ग्रंथपाल आहे. तिथे कुरकुरणारा पंखा आहे, वाळवी आहे, एकाच वर्तमानपत्रासाठी भांडणारे पेन्शनर आहेत आणि या सगळ्यातून जागा उरली तिथे पुस्तकंही आहेत. त्यामुळे पावसाळ्याच्या तोंडावर आमच्या यांनी टीव्हीखाली गेम खेळायचा एक काळा डबा आणून ठेवला आणि "आता आपल्या घरात तुह्यापेक्षा मोठी लायब्ररी आली" असं जाहीर केलं, तेव्हाच माझं आणि त्या डब्याचं वाकडं आलं.

हे कापसाच्या जिनिंगच्या ऑफिसात हिशेब पाहतात. वय चाळिशीच्या पुढे आणि पोट वयाच्या पुढे. मुलगी शिकायला पुण्याला, त्यामुळे 'पोरीसाठी आणला' असं म्हणायचीही सोय नव्हती. म्हणून बिचाऱ्यांनी ज्ञानाचा आधार घेतला आणि मला समजावून सांगायला बसले.

"अवं, गेम विकत घ्याचा नाई. महिन्याले सबस्क्रिप्शन भराचं. लायब्ररीतला कोनताई गेम उतरवाचा अन् वाटते तेवढा खेळाचा."

"आणि भरणं थांबवलं तर?"

"मंग बंद."

"उतरवून घेतलेला गेम?"

"तो डब्यातच राह्यते. फक्त उघडत नाई."

म्हणजे वर्गणी थकली की पुस्तक तुमच्याच कपाटात राहणार, पण पानं एकमेकांना चिकटणार. मी इतकी वर्षं ग्रंथपाल आहे. थकलेल्या सभासदाला फार तर नवं पुस्तक देत नाही, घरी जाऊन त्याच्या हातातली अर्धी वाचलेली कादंबरी हिसकावून आणत नाही. तसं केलं असतं तर गावाने मला केव्हाच वणा नदीत बुडवलं असतं.

पुढे ऐकलं ते याहून भारी होतं. वर्गणी वेळेवर भरली तरी फळीवरचे गेम कायमचे नसतात. दर महिन्याला काही नवे येतात, काही जातात. जाणाऱ्यावर आधी 'लवकरच जाणार' अशी चिठ्ठी लागते, आणि दिवस भरला की तो तुमच्याही डब्यात उघडेनासा होतो. फारच जीव जडला असेल तर तो वेगळा विकत घ्या. जायच्या आधी घेतला तर सभासदाला सूट. आवळा देऊन कोहळा काढणं म्हणतात ते हेच. वर सभासदांच्या तीन पायऱ्या. खालच्या पायरीवरच्याला चार गेम आणि दुसऱ्यांशी ऑनलाइन खेळायची मुभा, मधल्याला मोठी फळी, वरच्याला त्याशिवाय जुनेपुराणे गेमही. आमच्या वाचनालयातही 'अ' वर्ग आणि 'ब' वर्ग असतात, पण 'ब' वर्गातल्या माणसाला आम्ही 'अ' वर्गाचं कपाट काचेतून दाखवून रोज हिणवत नाही.

यांनी मधली पायरी घेतली आणि नव्याचे नऊ दिवस सुरू झाले. ऑफिसातून आले की डबा चालू. फळीवरून अंगठा सरकवत बसायचे. हा घेऊ का तो घेऊ. लग्नाच्या बुफेत रिकामी ताटली घेऊन तीन चकरा मारणारे पाहुणे असतात, तसे. एक गेम उतरवायचा, तो उतरेपर्यंत दुसरा पसंत पडायचा. डब्यातली जागा भरली की न खेळलेलाच एक काढून टाकायचा. निवडता निवडता जेवणाची वेळ व्हायची आणि खेळायचं राहून जायचं. मी विचारलं, "काय खेळलात आज?" तर म्हणायचे, "आज पाह्यलं फक्त." आमच्या वाचनालयातही असे सभासद आहेत, पण ते निदान मासिकं तरी चाळतात.

हे सगळं मामाजी बाजूच्या खाटेवर बसून पाहायचे. मामाजी म्हणजे माझे सासरे. जन्मभर वर्ध्याजवळ मोठी आंजी या गावी भाजीपाला काढला आणि वर्ध्याच्या बाजारात नेऊन विकला. वांगी, मेथी, मिरची, सांबार म्हणजे कोथिंबीर. मग गुडघ्यांनी दगा दिला. गेल्या पाडव्याला वावर गावातल्याच एका तरुण शेतकऱ्याला मक्त्याने दिलं, म्हणजे ठरलेल्या रकमेवर वर्षभरासाठी कसायला, आणि आम्ही त्यांना आमच्याकडे घेऊन आलो.

तेव्हापासून त्यांनी वावराचं तोंड पाहिलं नव्हतं. वर्ध्याला दवाखान्यात नेलं तरी आंजीच्या रस्त्याकडे मान वळवायचे नाहीत. मक्तेदार पोरगा चांगला. फोन करायचा, "काका, येऊन पाहून जा न," म्हणायचा. मामाजी फोन माझ्या हातात द्यायचे. "त्याले सांग, ते वावर आता माहं नाई." अर्धी भाकर खायचे, अर्धी ताटात ठेवायचे, आणि दिवसभर भिंतीकडे पाहत बसायचे. मला खरोखर भीती वाटायला लागली होती. डॉक्टर म्हणायचे, सगळे रिपोर्ट चांगले आहेत. रिपोर्ट चांगले आणि माणूस वाळत चाललेला, याचं काय करायचं ते कुणी सांगत नव्हतं.

अशात एका रविवारी दुपारी यांनी फळीवरून शेतीचा गेम उतरवला, ट्रॅक्टर सुरू केला आणि वरणभाताच्या गुंगीत सोफ्यावरच घोरू लागले. पडद्यावर ट्रॅक्टर धडधडतोय, चालवणारा गाढ झोपलेला. मामाजींना ते बघवेना.

"टॅक्टर चालू ठेवून झोपला बैताड! डिझेल का फुकटचं आहे?" म्हणत त्यांनी यांच्या हातातला रिमोट काढून घेतला. तो परत काही दिला नाही.

पडद्यावरच्या इंग्रजी सूचना वाचून सांगायचं काम माझ्याकडे आलं. कोणत्या बटणाने नांगर टेकतो, कोणत्याने पेरणी. मामाजींना बोटं जमायला आठवडा लागला, शेती समजायला क्षणही लागला नाही. परदेशातलं कुठलं तरी शेत, लाल कोठार, आखून ठेवल्यासारखी झाडं. मामाजींनी आधी सगळीकडे फिरून पाहिलं आणि पहिला आक्षेप नोंदवला.

"याले धुरे काऊन नाई?"

खरंच, दोन शेतांच्या मध्ये बांधच नव्हता. शेजाऱ्याच्या उभ्या पिकातून ट्रॅक्टर घातला तरी त्या गेममध्ये कुणी हूं की चूं करत नाही. हे असते तर त्यांनी तसाच सरळ घातला असता. मामाजींनी मात्र कधी घातला नाही. लांबचा वळसा घेऊन, रस्त्यारस्त्याने जायचे. "बाबा, तिकडून मधातून घाला न, कोन पाहून राह्यलं?" असं हे एकदा म्हणाले, तेव्हा मामाजींनी त्यांच्याकडे असं पाहिलं की हे चहा करायला उठले.

अमावास्येला नांगर बंद. पोळ्याला ट्रॅक्टरला सुट्टी, आणि बैल नाहीत म्हणून डब्यालाच हळदकुंकू. रानडुक्कर नाही, रोही म्हणजे नीलगाय नाही, वीज जात नाही, मजूर आला नाही असं होत नाही, हे पाहून पहिल्यांदा ते खूश झाले, मग त्यांना संशय यायला लागला. "इतकं सोपं कुठी असते?" असं म्हणायचे. पण सकाळी अंघोळ करून तयार बसायचे आणि ताटातली भाकर पूर्ण संपायला लागली. कधी कधी अजून अर्धी मागायचे. मी त्या डब्याला मनातल्या मनात माफ केलं. त्याच्या लायब्ररीलाही.

थंडी सुरू झाली आणि एक दिवस मामाजींच्या शेतावर चिठ्ठी लागली. 'लवकरच जाणार.'

मी ती वाचली. हातातलं काम टाकून त्यांच्याजवळ बसले आणि नीट समजावलं. महिनाअखेर हा गेम लायब्ररीतून जाईल, मग उघडणार नाही. हेसुद्धा बापावरच्या मायेने म्हणाले, "बाबा, सूट चालू आहे. विकतच घेऊन टाकतो."

मामाजी अजिबात घाबरले नाहीत. "मक्त्याचंच झालं न हे? मक्त्याचं वावर कोनी विकत घेते काय? अन् उभं पीक आहे त्यात. पीक निघेपर्यंत कोनता मालक हात लावते?"

आमच्याकडची रीत अशीच आहे. मक्ता पाडव्यापासून पाडव्यापर्यंत. पण पाडवा आला आणि वावरात मिरची उभी असली, तर ज्याने लावली तोच ती काढतो. मालक कितीही खवट असो, उभ्या पिकात नांगर घालत नाही. घातला तर गावात त्याला कुणी पाणीसुद्धा विचारणार नाही.

"मामाजी, ही कंपनी आहे," मी म्हटलं.

"कंपनी झाली म्हणून का झालं? मानसंच आहेत न तिथं."

मी परोपरीने सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं आणि आपल्या परीने चोख बंदोबस्त केला. महिना संपायला थोडे दिवस उरले असताना सगळ्या शेतात नव्याने पेरणी केली. सोयाबीन, गहू, एका तुकड्यात कपाशी. ही जुन्या मक्तेदारांची युक्ती. वावर सोडावं लागेलसं वाटलं की उशिरा एखादं पीक टाकून द्यायचं, म्हणजे मालकाला थांबावंच लागतं. "आता कसे काढतेत पाहू," ते मला म्हणाले आणि खूप दिवसांनी हसले. विकत घ्यायचं राहूनच गेलं. यांना तर बरंच वाटलं, कारण मायेचा उमाळा ओसरला की हिशेबनीस जागा होतो.

एक तारखेला मामाजींनी अंघोळ केली, दुपट्टा खांद्यावर टाकला आणि बटण दाबलं. शेताच्या चित्रावर बारीकसं कुलूप आलं होतं. पुन्हा दाबलं. पुन्हा कुलूप. मग मला हाक मारली.

"पीक तं उभं आहे न आतमधी?"

"आहे."

"मंग ते आता कोन काढंल?"

"कोणीच नाही, मामाजी."

"मालक?"

"नाही. तो कशाला काढेल?"

"दुसऱ्या कोनाले दिलं असन."

"कुणालाच नाही दिलं. नुसतं बंद केलं."

हे मात्र त्यांच्या डोक्यात शिरेना. मालकाने कापून नेलं असतं तर त्यांनी शिव्या घातल्या असत्या, दुसऱ्याला दिलं असतं तर रुसले असते. त्यांची दोन्हींची तयारी होती. पण पीक उभं आहे आणि ते कुणालाच नको आहे, याची नव्हती. त्या दिवशी ताटात पुन्हा अर्धी भाकर राहिली. मी वाचनालयात गेले आणि अनामत परत मागायला आलेल्या एका गरीब माणसावर उगाच ओरडले.

संध्याकाळी मी यांना स्पष्ट सांगितलं, "गेम आत्ताच्या आत्ता विकत घ्या." सूट कालच संपली होती. हे पडद्याकडे बघत इतका वेळ उसासे टाकत होते की एखाद्याला वाटावं, किडनी मागितली. पण घेतला. कुलूप गेलं. मी मामाजींना हाताला धरून आणलं.

शेत उघडलं. लाल कोठार, ट्रॅक्टर, सगळं जागच्या जागी. मामाजींनी जिथे सोडला होता तिथेच ट्रॅक्टर, आणि बोटभर उंचीचं पीक तेवढंच बोटभर. मामाजींनी पुढे वाकून पाहिलं.

"वाढलं नाई."

"नाही न. तुम्ही नव्हता तेवढा वेळ सगळं थांबलं होतं," मी उत्साहाने म्हटलं. "तुमच्याशिवाय तिथे काही होतच नाही. तुम्ही याल, तेव्हा तिथूनच पुढे."

मला वाटलं होतं, या वाक्याने त्यांना बरं वाटेल. त्यांनी रिमोट टीपॉयवर ठेवला.

"मी नसलो तं पानई नाई हालत?"

"नाही."

"हे का वावर झालं, बाई? मानूस उठून गेला तं थांबून जाते?"

हे म्हणाले, "बाबा, आता तं आपल्या मालकीचं झालं!" मामाजी आपल्या खाटेवर जाऊन बसले. भिंतीकडे नाही, खिडकीकडे तोंड करून. थोड्या वेळाने म्हणाले, "उद्या मले आंजीले घेऊन चाल."

दुसऱ्या दिवशी बुधवार. मी रजा टाकली, यांनी ऑफिसला फोन करून पोट बिघडवून घेतलं आणि आम्ही वर्ध्यावरून आंजीला गेलो. वावराजवळ गाडी थांबली, पण मामाजी लगेच उतरले नाहीत. मग माझा हात धरून धुऱ्यावर आले.

वावर हिरवंगार होतं. मक्तेदार पोरगा धावत आला आणि त्यांच्या पाया पडला. त्याचा चेहरा उतरला होता. काका वावर परत मागायला आले, असंच त्याला वाटलं असणार. त्याने सऱ्यांची दिशा बदलली होती. मेथीच्या जागी पालक लावला होता. मामाजी वांग्याच्या ओळीत शिरले, गुडघा धरून वाकले, पान उलटून अळी शोधली. सापडली नाही. पुढच्या झाडाचं पान उलटलं. तिथेही नाही. असं करत करत ते ओळीच्या टोकापर्यंत गेले. पोरगा श्वास रोखून मागे मागे.

"फवारा कायचा मारतं?" एवढंच त्यांनी विचारलं.

"निंबोळीचा, काका."

मामाजींनी मान हलवली आणि गाडीकडे वळले.

वर्धा जवळ आलं. मी आरशातून पाहिलं तर मामाजी दुपट्ट्याने डोळे पुसत होते. मी मागे वळले.

"काय झालं, मामाजी?"

"मले वाटे, मी गेलो की वावर बसून जाईन. काई नाई झालं त्याले. माह्यापेक्षा चांगली वांगी काढली लेकानं."

"वाईट वाटलं?"

"हौ. लय वाईट वाटलं," ते म्हणाले. "पुढच्या बुधवारी अजून घेऊन येजो मले."