तात्यांच्या हसण्याखालची ओळ

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. आज तुम्हाला सांगतोय — आजच का, ते मलाही नीट माहीत नाही.

इंग्रिड नॉर्वेची. तिकडच्या डोंगरांतल्या वादकांवर, गुरं हाकताना गाणाऱ्या बायांवर ती जन्मभर माहितीपट करत आली. मग कुठंतरी धनगरी ओव्या ऐकल्या आणि सलग काही हिवाळे इकडं येत राहिली. मी साताऱ्यात कॉलेजात इंग्रजी शिकवतो. तिचा दुभाषी झालो. घरचं विचारलं तिनं, तेव्हा म्हणालो, आम्ही पिढ्यान्‌पिढ्या सातारा शहरातलेच. कशाला बोललो? मेंढरांच्या तळावर जन्मलो म्हणायला जीभ रेटेना — एवढंच.

पण चांगला ओव्या म्हणणारा शोधत ती पोचली म्हसवडच्या पुढं, माळावर. आणि तो निघाला माझा सख्खा चुलता! तात्यांनी मला बघितलं नि पोटाशी धरलं. तिला मी सांगितलं — इकडची माणसं अशीच मायाळू असतात.

शूटिंग छान झालं. शेवटी तिनं विचारलं, ही गाणी तुम्ही कुणाला शिकवली? मी तात्यांना मराठीत विचारलं. ते माझ्याकडं बघून हसले.

"शिकिवली की. तुलाच. लय ग्वाड गळा हुता रं तुजा."

कॅमेरा चालू होता. इंग्रिड थांबली होती — माझ्यासाठी. मी म्हणालो, ते म्हणतायत, कुणालाच नाही.

त्या हसण्यावरच तिनं फिल्म संपवली. आपल्याबरोबर आपलं गाणं जाणार हे ठाऊक असूनही हसणारा म्हातारा — तिकडं लोक रडले म्हणे.

पुढं सांगलीत फिल्म दाखवली. तात्या माझ्या शेजारी, धुतलेलं मुंडासं बांधून. पडद्यावर त्यांचे शब्द, खाली माझी इंग्रजी ओळ. ते माझ्या कानाशी वाकले.

"आरं, खाली काय लिवलंय?"

"तुमी बोलला तेच, तात्या."

"म्हंजी तिच्या मुलखात बी कळलं म्हन की, तुला शिकिवल्यालं."

मी म्हणालो, "व्हय."

त्यांनी माझा हात हातात घेतला. दिवे लागेपर्यंत सोडला नाही.

तात्या आता नाहीत. इंग्रिडचा अधूनमधून फोन येतो. ती नव्या कामाचं सांगते, मी ऐकतो. फिल्म अजून कुठं कुठं दाखवतात.

ओव्या मला सगळ्या येतात.